हंस फुसकारतो कधी, घुमतो कधी?

प्रश्न: मूक हंस (Mute Swan) या जातीच्या हंसांच्या एका ध्वनिमुद्रणात फुसकारे, घोरल्यासारखा आवाज आणि उडताना लयीत घुमणं ऐकू येतं. कुठला आवाज कशासाठी? आणि मग हा पक्षी मूक कसा?

उत्तर १: इतर हंसांच्या मानाने गप्प, एवढंच. फुसकारा हा इशारा असतो, बहुतेक वेळा घरट्याजवळ किंवा पिल्लांपाशी कुणी आलं की. सोबत मान मागे ओढलेली आणि पंख पाठीवर कमानीसारखे उभारलेले दिसले तर हल्ला जवळ आला समजा. पिल्लांच्या दिशेने न जाता हळूहळू मागे सरका. घोरल्यासारखा आवाज जोडीदाराच्या स्वागताचा.

उत्तर २: घुमणं घशातलं नाही, पंखांचं आहे! पंखांच्या फटक्याशी ताल जुळतो का पाहा, लगेच ओळखता येतं. एक किलोमीटरवरूनही ऐकू येतं, त्यामुळे उडताना एकमेकांचा पत्ता राहत असावा. व्हूपर या दुसऱ्या जातीच्या हंसाच्या पंखांना असा नाद नाही. तो उडताना ओरडतच असतो.

उत्तर ३: त्या ओरडण्याचं कारण शरीररचनेत आहे. आवाज निघतो सिरिंक्समध्ये, म्हणजे श्वासनलिकेला दोन फाटे फुटतात तिथे. व्हूपर आणि ट्रम्पेटर हंसांची श्वासनलिका छातीच्या हाडात शिरून वळसा घेऊन बाहेर येते. नळी लांबली की अनुनादाची कंपनसंख्या उतरते, म्हणजे आवाज खालच्या पट्टीत घुमतो, आणि तुतारीसारखा भरदार होतो. मूक हंसाची नलिका या हाडात शिरत नाही.

प्रश्नकर्ता: आणि पिल्लं?

उत्तर १: बारीक चिवचिव. एकटं पडलेलं पिल्लू मात्र जोरात, सारखं ओरडतं.