मदत हवी आहे: ताई हक्कसोडीवर सही करायला निघाली आहे

नमस्कार. श्रावणात आमचे बाबा गेले. सोलापूर जिल्ह्यात साडेतीन एकर जमीन आहे, बाबांनी 1991 साली स्वतःच्या पैशाने खरेदी केलेली. मृत्युपत्र नाही. वारस नोंद वेळेत दिली, फेरफार मंजूर झाला आणि सातबाऱ्यावर आई, दादा, ताई, मी अशी चार नावं लागली. दिवाळीपासून मात्र घरात एकच विषय आहे, ताईचं हक्कसोडपत्र, म्हणजे तिने आपला वाटा सोडून दिल्याचा दस्त.

चुलतभाऊ म्हणतो, ताईचं लग्न 1992 चं, तिला हक्कच नाही. माझ्या समजुतीप्रमाणे 1994 आधीच्या लग्नाची ती अट वडिलोपार्जित मिळकतीपुरती होती, आणि 2005 च्या दुरुस्तीनंतर तिथेही राहिली नाही. आमची जमीन स्वकष्टार्जित, म्हणजे 1956 च्या वारसा कायद्याच्या कलम 8 ने चौघांना सारखा वाटा, प्रत्येकी पस्तीस गुंठे. हे बरोबर आहे ना?

परवा ताई एसटीने आली. बाँड रायटरने कच्चा मसुदा दिला होता. चहाचा कप बाजूला ठेवून तिने पेन उचललं आणि विचारलं, "कुठं करायची सही?" एक ओळही वाचली नाही. त्यात लिहिलंय, "कोणत्याही दडपणाशिवाय, राजीखुशीने, मोबदला न घेता". मी म्हटलं, ताई, आधी वाच तरी. तर म्हणाली, "मला काही नको रे. दिवाळीला ये म्हणत जा, तेवढं बास." त्या रात्री मला झोप लागली नाही. वाटा मागितला तर माहेर तुटेल ही भीती राजीखुशी कशी म्हणायची?

दादाचंही खोटं नाही. वीस वर्षं तोच राबतोय, बोअर त्याने मारला, सोसायटीचं कर्ज त्यानेच फेडलं. मी नाशिकला नोकरीत, मला जमिनीतून काही नको. त्याची काळजी एवढीच आहे की चार नावं राहिली तर पीककर्जाला दर वेळी सगळ्यांची संमती लागेल आणि उद्या भाचे वाटणी मागतील.

मला ताईचं नाव सातबाऱ्यावर ठेवायचंय आणि जमीन दादानेच कसावी असं वाटतं. असा करार कुणी केला आहे का? नोंदणी करून घ्यावी लागते का? बहिणीचा वाटा भाऊ कसतो म्हणून पुढे कुळाचा वाद निघू शकतो का? पीककर्जासाठी एकदाच संमतीपत्र देऊन भागतं का? की मी माझाच हिस्सा दादाला सोडला तर त्याचं समाधान होईल आणि ताईच्या वाट्याला हात लागणार नाही? आईला हे पटतंय, पण ती दादासमोर बोलत नाही.

येत्या सोमवारी दुय्यम निबंधक कार्यालयात जायचं ठरलंय. एकदा नोंदणी झाली की हक्कसोड मागे घेणं जवळजवळ अशक्य, असं वाचलंय. त्याआधी दादाशी बोलायचंय. ज्यांच्या घरी हे झालंय त्यांनी कृपया लिहा, विशेषतः बहिणींनी.