पडद्यावर शिकवणं कधीपासून चालू झालं?

गुर्जी_दारव्हा:
आमच्या झेडपी शाळेत टीव्ही लागला तवापासून पोट्टे म्हणतात सर धडा नको व्हिडिओच लावा. परवा एक पालक म्हणे हे सारं मोबाईलवाल्यायचं फॅड हाय. मले वाटते सिनेमातून शिकवायची आयडिया जुनी असन, कोणाले माहीत हाय का?

वाशीमकर:
शंभरावर वर्षं झाली गुर्जी. १९१० मध्ये अमेरिकेत जॉर्ज क्लाईननं शिक्षणाच्या फिल्मांचा कॅटलॉग काढला, हजारावर नावं होती त्यात. अन् १९१३ ले एडिसन बोलून बसला का शाळेतली पुस्तकं आता लवकरच बाद, दहा वर्षांत सारी पद्धत बदलते. त्याचा सोताचा धंदाच फिल्मचा, तो काय दुसरं सांगन! जूनमधी आमच्या केंद्रावर पुस्तकायचे गठ्ठे उतरतात ते पाहाले पायजे होता तो 😄 अडचण अशी का तवाची फिल्म नायट्रेटची, भसकन पेट घे, वर्गात कोण चालवन? १९२३ ले कोडॅकनं न भडकणारी १६ एमएम रुंदीची फिल्म आणली तवा कुठं सिनेमाची मशीन शाळेत आरामात घुसली.

पऱ्हाटीवाला:
अन् आपले दादासाहेब फाळके इसरले का राजेहो? राजा हरिश्चंद्रच्या आधी, १९१२ च्या सुमारास, त्यायनं कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा लावला अन् रोज एक फ्रेम, असं महिन्याच्या वर. पडद्यावर पाहता पाहता कोंब निघून वेल वर. डोळ्यानं जे दिसूच शकत नाही ते दाखवलं, मी तर म्हणतो शाळेत व्हिडिओ तेवढ्यासाठीच लावा, बाकी बैल अन् वखर दाखवाले टीव्ही काहून पायजे, वावर हाय ना. (ती फिल्म पोट्ट्यायसाठी नोती बरं, पैसे लावणाऱ्यायले पटवासाठी होती.)

आबाजी_६८:
आमच्या लहानपणी सरकारी गाडी ये, फिल्म्स डिव्हिजनच्या रिळा घेऊन. शाळेमागच्या पटांगणात पडदा. समोर जागा नसली का आमी मागून बसो, अक्षरं सारी उलटी. वाचता येत नोतं तरी शेवटपर्यंत उठत नोतो.

गुर्जी_दारव्हा:
वाटाण्याचं जमलं! तुरीचा दाणा लावतो, फोन खिडकीले बांधतो.

पऱ्हाटीवाला:
रोज एकाच टायमाले फोटो घ्या, नाहीतर सावली नाचते. अन् कुंडी बकरीपासून सांभाळा जी.