मदत हवी आहे: गोल्डफिशला उवा झाल्यात (व्हाइट स्पॉट, म्हणजे पांढऱ्या ठिपक्यांचा रोग, नाही)

लोकहो, जरा अर्जंट आहे. परळला राहतो, 2 फुटी टँक, साधारण 55 लिटर, त्यात 4 गोल्डफिश आणि 3 गोगलगाई. त्यातले 2 मासे गणपतीच्या आधी आणले आणि क्वारंटाइन न करता सरळ सोडले, माहितेय, शिव्या घाला पण नंतर.

आठवड्याभरात सगळे खडीवर अंग घासायला लागले, मधेच पिसाळल्यासारखे सुसाट धावायचे. मला वाटलं व्हाइट स्पॉट, म्हणून हीटर 30 वर, जाडं मीठ, दुकानदाराने दिलेलं निळं औषध, सगळं करून झालं, फरक शून्य. परवा रात्री टॉर्च मारून बघतो तर शेपटीजवळ मसुराएवढी चपटी हिरवट चकती, आरपार दिसणारी, दोन काळे डोळे, आणि चक्क चालत होती! आई लांबूनच म्हणाली, अरे उवा झाल्यात त्यांना. मी हसलो, मग शोधलं तर खरंच फिश लाउसच निघाली, अर्ग्युलस. चिमट्याने 7 काढल्या, जिथे चिकटल्या होत्या तिथे लाल डाग राहिलेत.

आता खरी गोची. मादी काचेवर, दगडांवर अंडी घालते आणि ती फुटायला दोन-तीन आठवडे जातात म्हणे, म्हणजे दिसतायत त्या काढून भागणार नाही. डायफ्लुबेन्झुरॉन नावाचं औषध चालतं असं वाचलं, ते उवांना कात टाकू देत नाही म्हणून त्यांची पिल्लं मरतात. कोळंबी असेल तर तीही जाते, माझ्याकडे नाहीये, पण गोगलगाईंना चालेल ना? आणि मुंबईत कुठे मिळेल, कुर्ला की क्रॉफर्ड?

तोवर पोटॅशियम परमँगनेटचा डिप (मासे थोडा वेळ औषधाच्या पाण्यात ठेवणं) द्यावा का? लिटरला 10 मिलिग्रॅम, अर्धा तास असं वाचलंय. किचनचा काटा 1 ग्रॅमखाली दाखवतच नाही, म्हणून 1 ग्रॅम 1 लिटर पाण्यात विरघळवून त्यातलं 100 मिली 10 लिटरच्या बादलीत टाकायचं, हिशोब बरोबर आहे ना? कोणीतरी तपासा प्लीज, चुकलो तर मासेच जातील.

अजून एक, हीटर बंद करू का? गरम पाण्यात अंडी लवकर फुटतात, ते औषधाच्या दृष्टीने बरंच, पण गोल्डफिशला 30 झेपत नाहीये, वर येऊन तोंड वासतायत.

फोटो धूसर आलाय, संध्याकाळी परत काढतो.