गुडघाभर रक्त: क्रुसेडच्या बखरी वाचायच्या तरी कशा?

जुनंबाड

१५ जुलै १०९९. पहिल्या क्रुसेडच्या, म्हणजे जेरुसलेमसाठी निघालेल्या युरोपातल्या ख्रिस्ती स्वारीच्या, सैन्याने जेरुसलेम घेतलं. तुलूझच्या काउंटचा पाद्री, आगिलेरचा रेमंड, सैन्यासोबत होता. सॉलोमनच्या मंदिरात (म्हणजे अल-अक्सा मशिदीत) काय झालं ते त्याने लिहून ठेवलंय: माणसं गुडघ्यांपर्यंत आणि घोड्यांच्या लगामापर्यंत रक्तातून जात होती.

हे एक वाक्य इतकं फिरलंय की विचारू नका. कुणी ते फॉरवर्ड करतं आणि म्हणतं, बघा केवढी कत्तल. दुसरा म्हणतो, लगामापर्यंत रक्त चढेल का कधी, पाद्री थापाडा होता. माझ्या मते दोघांनीही वाक्य ओळखलेलंच नाही. ते वर्णन नाही, वचन आहे. बायबलच्या शेवटच्या पुस्तकात, प्रकटीकरणाच्या १४व्या अध्यायात, देवाच्या क्रोधाचं द्राक्षकुंड तुडवलं जातं आणि त्यातून रक्त वाहतं, घोड्यांच्या लगामापर्यंत. २०वं वचन, काढून बघा. रेमंडने शब्द तिथून उचलले. त्याचे वाचक पाद्री आणि मठातले साधू. त्यांना ते एका क्षणात ओळखू आलं असणार. आपल्याकडे कुणी 'तिथे कुरुक्षेत्र झालं' असं लिहिलं तर आपण अठरा अक्षौहिणी मोजायला बसतो का?

ही मंडळी वार्ताहर नव्हती. जे घडलं त्यात देवाचा हात कुठे दिसतो, हे दाखवणं त्यांचं काम. नोजाँच्या गिबेरने तर ग्रंथाचं नावच 'फ्रँकांकरवी घडलेली देवाची कृत्यं' असं ठेवलं. स्वारी होती फ्रँकांची (म्हणजे पश्चिम युरोपातल्या लोकांची), कर्ता मात्र देव. त्यामुळे या बखरींना 'खरं की खोटं' हा प्रश्न घालणं म्हणजे अभंगाला पंचनाम्याचा फॉर्म भरायला लावणं. मत मांडा.

सडेतोड

मांडतो. अभंगाची उपमा तेवढी मागे घ्या आधी. तुकोबांनी कुणाची मुंडकी उडवून त्यावर अभंग रचला नव्हता.

वचन आहे हे मान्य. पण तुम्ही एकच वाक्य उचललंत, जे बायबलमधून आलंय. बाकीच्यांचं काय? 'गेस्ता फ्रांकोरुम' नावाची एक निनावी बखर आहे, सैन्यातल्याच कुणाची तरी. तिच्यात मशिदीच्या छतावर जीव मुठीत धरून बसलेल्या लोकांची हकिगत येते. टँक्रेड आणि गास्ताँ या दोन सरदारांनी त्यांना आपापली निशाणं दिली. अर्थ असा, की हे आमच्या अभयाखाली आहेत, हात लावू नका. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांच्याच सैन्यातली माणसं वर चढली आणि बायका-पुरुष सगळ्यांची डोकी उडवली. टँक्रेड भयंकर संतापला. हे कुठल्या अध्यायातलं वचन? निशाणं देणारेही यांचे, कापणारेही यांचे, लिहिणाराही यांचाच. त्याने झाकलं नाही, एवढंच.

आणि शार्त्रचा फुल्चर, आणखी एक बखरकार. तो त्या दिवशी तिथे नव्हताच, बाल्डविन या सरदाराबरोबर एडेसाला होता. जेरुसलेमला आला डिसेंबरमध्ये, नाताळच्या सुमारास. तो लिहितो, तटाच्या आतबाहेर कुजणाऱ्या प्रेतांचा असा वास होता की आम्हाला नाकतोंड झाकून घ्यावं लागलं. पाच महिन्यांनंतर! वचनाला वास येत नाही, मालक.

घोटभर चहा

पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

वाटसरू

दोघांचंही बरोबर आणि दोघांचंही अपुरं. हा वाद आपण मराठीत शंभरेक वर्षांपूर्वीच घालून झालोय. राजवाड्यांनी पानिपतावरच्या बखरींची काय गत केली आठवा. बखर ही बखरच, पत्र बघा पत्र.

क्रुसेडची पत्रं आहेत. ब्लोआचा काउंट स्टीफन बायकोला, अडेलाला, लिहायचा. १०९७ च्या जूनमध्ये निकायाहून लिहितो: इथून पाच आठवड्यांत जेरुसलेमला पोचू, अँटिओकने अडवलं नाही तर. अँटिओकने अडवलं. पाच आठवड्यांची दोन वर्षं झाली. पुढच्या मार्चमध्ये त्याच अँटिओकच्या वेढ्यातून लिहितो की निघताना तू दिलं होतंस त्याच्या दुप्पट सोनं-चांदी आता माझ्याकडे आहे. देव आहेच पत्रात, पण हिशोबही आहे. जूनमध्ये शहर पडायच्या अगदी तोंडावर हे महाशय छावणी सोडून घराकडे निघाले. परत आल्यावर बायकोने जे काय सुनावलं असेल ते असो, पण नंतर पुन्हा गेले आणि ११०२ मध्ये रामल्याला मेले. हा माणूस मला दिसतो. रेमंडचा 'ईश्वराचा सैनिक' मला दिसत नाही.

जुनंबाड

@वाटसरू, स्टीफन मलाही आवडतो. पण पत्र म्हणजे अस्सल आणि बखर म्हणजे भेसळ, हे गणित इथे फसतं. सप्टेंबर १०९९ मध्ये लताकियाहून पोपला एक पत्र गेलं, सरदार आणि पिसाच्या आर्चबिशपच्या नावाने. अधिकृत खलिता. त्यात काय लिहिलंय? सॉलोमनच्या मंदिरात आमची माणसं शत्रूच्या रक्तातून गेली, आणि रक्त होतं घोड्यांच्या गुडघ्यांपर्यंत. तेच वाक्य! हे पत्र बहुधा रेमंडनेच लिहून दिलं असावं असं बऱ्याच अभ्यासकांचं मत आहे. म्हणजे तुमचं अस्सल पत्र आणि माझी बखर एकाच बोरूतून उतरलेली.

@सडेतोड, फुल्चरचा वास मान्य. पण त्याचा वास आणि रेमंडचं वचन एकाच जातीचं नाही, एवढंच मी म्हणतोय. एक साक्ष आहे, दुसरा अर्थ.

सडेतोड

आणि तो अर्थच तर घातक आहे! रेमंड तिथेच पुढे म्हणतो की हा देवाचा न्याय्य आणि अद्भुत निवाडा. ज्या जागेने मुसलमानांनी केलेली देवनिंदा इतकी वर्षं सोसली तिनेच त्यांचं रक्त घ्यावं. एखाद्याने हजारो माणसं मेलेली पाहिली आणि त्याला त्यात जगाच्या अंताचं वचन पूर्ण झालेलं दिसलं, तर मला त्याच्या शैलीचं कौतुक नाही वाटत, भीती वाटते. 'तेव्हाची भाषाच तशी होती' म्हणून सोडून द्यायचं नाही. त्याच भाषेने पुढची माणसं तिकडे पाठवली.

शमी

उशिरा आले. सगळी चर्चा मारणाऱ्यांच्या बाजूच्या कागदांवर चाललीय म्हणून लिहिते.

क्रुसेडचे पहिले बळी जेरुसलेमचे नव्हते, ऱ्हाइनकाठचे ज्यू होते. मे १०९६. श्पायर, वर्म्स, मग माइन्झ. माइन्झचे ज्यू आर्चबिशपच्या वाड्यात आश्रयाला गेले होते. क्रुसेडला निघालेल्या काउंट एमिखोच्या जमावासाठी दरवाजे उघडले गेले. बाटवलं जाण्याआधी आईबापांनी आपल्या हातांनी मुलांना मारलं, मग स्वतःला. हिब्रू वृत्तांत आहेत याचे, वाचवत नाहीत. आणि लिहिणारा काय लिहितो? अब्राहामाने एका इसहाकाला वेदीवर बांधलं तर केवढं झालं. एका दिवसात अकराशे बलिदानं कधी कुणी ऐकली होती का?

म्हणजे मार खाणाराही ग्रंथाच्याच शब्दांत लिहितोय. म्हणून 'देवाची भाषा म्हणजे मारेकऱ्यांची भाषा' हे सडेतोड यांचं म्हणणं मला पटत नाही. आणि जुनंबाड, तुमचंही नाही. अकराशे हा आकडा अक्षौहिणीसारखा सोडून द्यायला कुणी सांगून बघावं त्या लेखकाला. त्याला तो मोजूनच हवाय. देवालाच विचारतोय तो, इतके का घेतलेस म्हणून. साक्ष आणि अर्थ इथे वेगळे करून दाखवाच.

जाता जाता: त्या वर्षी एका जमावाने एका हंसिणीला पवित्र आत्म्याचा संचार झालाय असं मानलं आणि तिच्या मागे चालू लागले. हे आखेनच्या आल्बेर्टने लिहिलंय (त्याच्याकडे एक बकरीसुद्धा आहे), गिबेरने चेष्टा करत लिहिलंय आणि हिब्रू वृत्तांतातही हंसीण आहे. लगामापर्यंतच्या रक्तापेक्षा त्या हंसिणीवर माझा जास्त विश्वास आहे.

घोटभर चहा

हंसिणीचं पुढे काय झालं?

शमी

गिबेरच्या म्हणण्याप्रमाणे लोरेनमध्ये मेली. तो म्हणतो, मालकिणीने जायच्या आदल्या दिवशी कापून खाल्ली असती तर जेरुसलेमला नक्की पोचली असती, तिच्या पोटातून. साधू होता, पण जीभ तिखट.

मुक्काम डॅलस

एक शंका सगळ्यांनाच. शाळेच्या पुस्तकात 'धर्मयुद्धे' होतं. मला तो शब्द डाचतो. आपल्याकडे धर्मयुद्ध म्हणजे नियमाने लढलेलं युद्ध. सूर्यास्तानंतर शस्त्र नाही, शरण आलेल्याला मारणं नाही. टँक्रेडच्या निशाणाखालची माणसं कापणं म्हणजे आपल्या अर्थाने चक्क अधर्मयुद्ध. शिवाय त्या बखरकारांकडे 'क्रुसेड' हा शब्दही नव्हता. ते लिहितात वाट, प्रवास, यात्रा. क्लेरमाँच्या १०९५ च्या धर्मसभेचा जो ठराव उरलाय त्यातही भाषा प्रायश्चित्ताची आहे: मानासाठी किंवा पैशासाठी नव्हे, केवळ भक्तीने जो देवाच्या मंदिराच्या मुक्तीसाठी जेरुसलेमला जाईल त्याला ती यात्रा सगळ्या प्रायश्चित्ताच्या जागी धरली जाईल. हत्यारबंद वारी म्हणा हवं तर.

सडेतोड

वारीला नका ओढू यात, हात जोडतो. पण मुद्दा चांगला काढलात. त्याच सभेत पोप अर्बनने या स्वारीची हाक दिली, ते भाषण घ्या. फुल्चर, साधू रोबेर, बोद्री आणि गिबेर अशा चौघांनी ते दिलंय आणि चारही वेगळी. फुल्चरच्या भाषणात जेरुसलेमचं नावही नाही, पूर्वेकडच्या भावंडांना मदत करा एवढंच. रोबेरच्या भाषणात जेरुसलेम म्हणजे पृथ्वीची नाभी, आणि लोक ओरडतात 'देवाची इच्छा आहे!' चारही भाषणं शहर जिंकून झाल्यावर लिहिलेली. निकाल लागल्यावर भाकीत लिहायला काय जातंय!

नाशिककर

अरबी बाजू कुणीच काढत नाहीये. इब्न अल-अथीर अल-अक्सातले मृत सत्तर हजारांच्या वर सांगतो, पण तो शंभरेक वर्षांनंतरचा. काही वर्षं जेरुसलेममध्ये राहून गेलेला सेव्हिलचा इब्न अल-अरबी सांगतो तीन हजार. म्हणजे आकडे फुगवायला फ्रँकच लागतात असं नाही. कैरोच्या सिनेगॉगमधल्या जुन्या कागदांत आश्केलोनच्या ज्यूंचं पत्र सापडलंय, कैदी आणि धर्मग्रंथ पैसे देऊन सोडवून घेण्याबद्दल. अर्थात सगळेच मेले नाहीत. शहर सुनसान झालं ही बखरींची दुसरी अतिशयोक्ती. हे लोक अरबीत 'फिरंज', आणि तोच शब्द फारसीतून हिंडत आपल्याकडे 'फिरंगी' झाला, तलवारीची 'फिरंग'सुद्धा.

आणि बखरकारांची खरी परीक्षा जिंकल्यावर नाही, हरल्यावर झाली. दुसरी क्रुसेड ११४८ मध्ये दमास्कसपुढे चार-पाच दिवसांत आपटली. फ्रायसिंगचा बिशप ओटो स्वतः त्या मोहिमेत होता. तो काय लिहितो? आमच्या पापांमुळे काय झालं ते सर्वांना माहीतच आहे, मला शोकांतिका लिहायची नाही, दुसऱ्या कुणाला तरी लिहू दे. संपला विषय! जिंकलं की देवाची करणी, हरलं की आमची पापं. या हिशोबात देव कधी तोट्यात जातच नाही.

जुनंबाड

@नाशिककर, तसं सरळ नाही ते. त्याच मोहिमेवर व्यूर्त्सबुर्गच्या इतिवृत्तात लिहिणाऱ्याने क्रुसेडच्या प्रचारकांनाच खोटे संदेष्टे आणि ख्रिस्तविरोधकाचे साक्षीदार म्हटलंय. आणि टायरचा विल्यम. जेरुसलेममध्येच जन्मलेला, आर्चबिशप. ११८४ च्या सुमारास तेविसावं पुस्तक सुरू करतो आणि म्हणतो की आता लिहावंसं वाटत नाही, सांगण्यासारखं काही उरलं नाही, सगळी रडगाणीच. ते पुस्तक एका प्रकरणावर थांबलं. तीन वर्षांनी सलाउद्दीनने शहर घेतलं.

@शमी, तुमच्या अकराशेवर दोन दिवस विचार केला. साक्ष आणि अर्थ वेगळे काढता येतात हे माझं विधान मागे घेतो. सडेतोड खूश होतील. पण रेमंडला तेवढा सोडत नाही. कारण सांगतो.

अँटिओकला उपाशी सैन्य अडकलं असताना पीटर बार्थोलोम्यू नावाच्या गरीब माणसाला दृष्टांत झाला की ख्रिस्ताच्या कुशीत खुपसलेला भाला सेंट पीटरच्या चर्चखाली पुरलाय. १४ जून १०९८ ला खणलं. खणणाऱ्यांत रेमंड होता. संध्याकाळी भाल्याचं नुसतं टोक मातीतून वर आलं, तेव्हाच त्याने वाकून त्याचं चुंबन घेतलं. पुढे भाल्याबद्दल शंका वाढल्या, तेव्हा १०९९ च्या गुड फ्रायडेला अर्काच्या छावणीत पीटरने अग्निदिव्य केलं. ऑलिव्हच्या वाळक्या फांद्यांचे दोन ढीग, तेरा फूट लांब, चार फूट उंच, मधे जेमतेम एक फूट वाट. पीटर भाला घेऊन त्यातून गेला आणि काही दिवसांनी मेला. फुल्चर म्हणतो भाजून मेला. रेमंड म्हणतो आगीने काही झालं नाही, गर्दीने भक्तीच्या भरात तुडवला. इथपर्यंत तुम्ही म्हणाल, झालं, पाद्री आपला भाला वाचवतोय.

पण रेमंड तिथे थांबत नाही. मरणाच्या आधी पीटरने त्याला जवळ बोलावलं आणि विचारलं, मी दिव्य करावं असं तुला का वाटत होतं? तुझा विश्वास नव्हता ना? रेमंडने आधी नाही म्हटलं. पीटरने पुन्हा सांगितलं, मला माहीत आहे. तेव्हा तो रडला.

हे त्याने लिहून ठेवलं नसतं तर कुणाला कळलं असतं?

सडेतोड

हे आधी का नाही लिहिलंत? एवढा वेळ लगाम धरून बसलात. बरं, आज रात्री काढून वाचतो. निवाड्याच्या वाक्यावर मात्र मी आहे तिथेच आहे.