पिच्छा पुरवणाऱ्यांच्या मनात नेमके काय चालते?

वैशाली_नाशिक यांचा प्रश्न

माझ्या जवळच्या दोन स्त्रियांना सध्या जो त्रास होत आहे, तो पाहून हा प्रश्न विचारत आहे. दोन्हीकडे एक पुरुष एका स्त्रीचा पिच्छा सोडायला तयार नाही, पण दोघांची तऱ्हा इतकी वेगळी आहे की एकीला दिलेला सल्ला दुसरीला लागू पडेल असे मला वाटत नाही.

पहिली माझी मावसबहीण, पुण्यात नोकरी करणारी. एका मुलाशी असलेले नाते तिने विचारपूर्वक संपवले. त्याचा नंबर, ईमेल, इन्स्टाग्राम सगळे ब्लॉक केल्यावर तो यूपीआयवरून तिच्या खात्यात एकेक रुपया पाठवू लागला, कारण पैशांबरोबर चार शब्दांची टीप लिहिता येते. आधी 'फक्त एकदा भेट', मग 'आईची शपथ, हे शेवटचे' आणि आता 'तुला पश्चात्ताप होईल'. संध्याकाळी तिच्या कार्यालयासमोरच्या चहाच्या टपरीवर तो उभा असतो. मावशीला मात्र तो अत्यंत अदबीने फोन करतो, तिच्या गुडघेदुखीची चौकशी करतो. त्यामुळे मावशीच म्हणते, "मुलगा वाईट नाही गं, एकदा भेटून नीट समजावून सांग."

दुसरी माझी सहशिक्षिका. तिला मिळालेली बढती आपल्या हक्काची होती, असे एका माजी सहकाऱ्याच्या मनाने घेतले आहे. तेव्हापासून शिक्षणाधिकाऱ्यांकडे तक्रारी, माहिती अधिकाराचे अर्ज, पालकांना निनावी पत्रे आणि तिच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप गटात नवनव्या नंबरांवरून बदनामीचा मजकूर, असे अखंड चालू आहे. त्याला तिच्याशी बोलायचेही नाही, भेटायचेही नाही.

ही माणसे आजारी असतात की त्यांची वृत्तीच तशी असते? दोघांपैकी अधिक धोका कोणाकडून आहे? आणि मावशी म्हणते तसे 'एकदा भेटणे' योग्य ठरेल का?

मनोवेध (चिकित्सा मानसशास्त्रज्ञ) यांचे उत्तर

वैशालीताई, शेवटच्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण ते तातडीचे आहे. आपल्या मावसबहिणीने त्याला भेटू नये. एकटीने नाही, कोणाला सोबत घेऊनही नाही, आणि सार्वजनिक ठिकाणीसुद्धा नाही.

या विषयावरचा बराच पायाभूत अभ्यास ऑस्ट्रेलियात झाला. पॉल मलेन, मिशेल पाथे आणि रोझमेरी पर्सेल या संशोधकांनी 1999 साली असा पिच्छा पुरवणाऱ्या 145 व्यक्तींचा अभ्यास प्रसिद्ध केला. हा माणूस काय करतो यापेक्षा कशासाठी करतो आणि त्याचे त्या व्यक्तीशी आधीचे नाते काय होते, हे त्यांनी आधारभूत धरले आणि त्यातून पाच गट मांडले. फोन, पाळत आणि भेटवस्तू बहुतेक गटांत आढळतात. त्यांच्यामागचा हेतू कळला तरच पुढे काय होऊ शकते याचा काही अंदाज बांधता येतो.

आपल्या मावसबहिणीला त्रास देणारा पहिल्या गटातला, म्हणजे नाकारला गेलेला. त्या अभ्यासात हाच गट सर्वांत मोठा होता, आणि जिथे पूर्वी जवळीक होती तिथे शारीरिक हल्ल्याची शक्यताही अधिक असते. या माणसाच्या मनात 'परत ये' आणि 'तुला धडा शिकवतो' या दोन्ही भावना एकाच वेळी नांदत असतात आणि एका दिवसात अनेकदा एकमेकींची जागा घेतात. यूपीआयच्या टिपांमधला जो क्रम आपण लिहिला आहे, तो विनवणीकडून धमकीकडे जाणारा क्रम आहे आणि मला तो काळजीचा वाटतो. आणखी एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. नाते संपले तरी पिच्छा पुरवणे हेच त्याच्या लेखी उरलेले नाते असते. ती चिडून का होईना उत्तर देते, तोवर आपण तिच्या आयुष्यात आहोत असे त्याला वाटत राहते. म्हणून चाळीस फोन दुर्लक्षून एकेचाळिसाव्याला "मला त्रास देऊ नकोस" असे बजावले, तर त्यातून तो एवढेच शिकतो की एकेचाळीस फोन केले की उत्तर मिळते. 'शेवटची भेट' ही याच न्यायाने कधीच शेवटची ठरत नाही. स्पष्ट नकार एकदाच, लेखी, कारणे न देता कळवावा आणि त्यानंतर पूर्ण मौन पाळावे.

तो थांबत का नाही, याचे एक पटणारे स्पष्टीकरण स्पिट्झबर्ग आणि क्युपाक या संशोधकांनी दिले आहे. बहुतेकांच्या बाबतीत एक नाते तुटले तर दुःख होते आणि कालांतराने माणूस पुढे जातो. काहींनी मात्र आपले सगळे सुख, आपली किंमत, किंबहुना आपले पुरुषपण त्या एका व्यक्तीच्या होकाराशी बांधून टाकलेले असते. मग नाते सोडणे म्हणजे स्वतःवर पाणी सोडणे असे त्यांना वाटते, दिवसरात्र तेच विचार घोळत राहतात आणि प्रत्येक अडथळ्यागणिक हट्ट वाढत जातो. लहानपणापासून जिव्हाळ्याच्या माणसांविषयी सतत असुरक्षित वाटत आलेल्या व्यक्तींमध्ये ही प्रवृत्ती अधिक दिसते.

आपल्या सहशिक्षिकेचा छळ करणारा सूडाने पेटलेल्या गटातला आहे. त्याला प्रेम नको, शरीरसंबंध नको, त्याला हिशेब चुकता करायचा आहे. अन्याय आपल्यावरच झाला आहे याबद्दल त्याची खात्री असते, आणि म्हणून तो अर्ज, तक्रारी, माहिती अधिकार अशी न्यायाचीच साधने वापरतो. समोरची व्यक्ती घाबरली की आपण दुबळे नाही अशी त्याची भावना बळावते. उपरोक्त अभ्यासात धमक्या देण्यात हा गट आघाडीवर होता, पण प्रत्यक्ष हल्ले नाकारल्या गेलेल्यांकडून आणि शिकारी वृत्तीच्या लोकांकडून अधिक झाले. म्हणजे तुलनेने पाहता मावसबहिणीची काळजी मी अधिक करेन. सहशिक्षिकेला होणारा त्रास मात्र दीर्घकाळ चालू शकतो आणि त्याने माणूस आतून पोखरला जातो, हेही तितकेच खरे आहे.

उरलेल्या गटांविषयी थोडक्यात लिहितो. एक गट आपल्यावर समोरच्याचे प्रेम आहेच, असे मानणाऱ्यांचा असतो. त्यातल्या काहींना खरोखरच भ्रमविकार असतो, ज्याचे सविस्तर वर्णन फ्रेंच मनोविकारतज्ज्ञ क्लेराम्बो यांनी 1920 च्या दशकात केले. अशी व्यक्ती पोलिसांच्या समजेलाही प्रेमाची परीक्षा मानते, त्यामुळे तिथे शिक्षेपेक्षा औषधोपचार अधिक उपयोगी ठरतात. दुसरा गट मैत्री कशी करावी हेच न कळणाऱ्यांचा. हे लोक कडक समज मिळाली की बहुधा लवकर थांबतात, पण पुढे दुसऱ्या कोणाच्या तरी मागे लागतात. शेवटचा गट शिकारी वृत्तीचा, संख्येने अगदी लहान, 145 पैकी केवळ 6. तो सहसा पत्र पाठवत नाही, फोन करत नाही, गुपचूप माग काढतो. लैंगिक हल्ल्याची ती पूर्वतयारी असते आणि बळी ठरणाऱ्या व्यक्तीला त्याचा अनेकदा पत्ताही नसतो.

रेवा_नागपूर यांचा प्रतिसाद

वरील उत्तर अतिशय उपयुक्त आहे, तरीही एक अस्वस्थता नोंदवल्याशिवाय राहवत नाही. असुरक्षित बालपण, नकार न पचणे, मनात घोळणारे विचार, अशी कारणे दिली की ऐकणाऱ्याची सहानुभूती नकळत त्या पुरुषाकडे सरकते. उल्हासनगरला 1990 साली एका मुलीला परीक्षा केंद्रात जाळण्यात आले. हिंगणघाटला फेब्रुवारी 2020 मध्ये एका तरुण प्राध्यापिकेला भर रस्त्यात पेट्रोल टाकून पेटवण्यात आले आणि आठवड्याभरात ती गेली. या तीस वर्षांत आपल्याकडची चर्चा 'त्याला नकार सहन झाला नाही' या वाक्यापाशीच घुटमळत राहिली. नकार लाखो मुलींनाही मिळतो, त्या कोणाला जाळत नाहीत. मुलाने मागितलेले त्याला मिळालेच पाहिजे, ही शिकवण घरातून, मित्रांच्या कट्ट्यावरून मिळते, आणि तिला मनोविकाराचे पांघरूण घालू नये असे मला तळमळीने वाटते.

मनोवेध यांचे उत्तर

रेवाताई, आपला आक्षेप योग्य आहे आणि संशोधनाशी तो विसंगतही नाही. नाकारल्या गेलेल्या गटातल्या बहुसंख्य व्यक्तींना वास्तवाचे भान पूर्णपणे असते. वैशालीताईंनी सांगितलेलाच तपशील पाहा. जो माणूस मुलीला धमकी देतो, तोच तिच्या आईशी बोलताना एकही शब्द वावगा जाऊ देत नाही. याचा अर्थ त्याला स्वतःवर ताबा ठेवता येतो, आणि कोणासमोर ठेवायचा व कोणासमोर सोडायचा हे तो निवडतो. अशी निवड करू शकणारा माणूस आपल्या कृत्याला जबाबदार असतोच. आईची मर्जी राखणे हा तर मुलीपर्यंत पोहोचण्याचा त्याने मोकळा ठेवलेला मार्ग आहे.

दिल्लीतील प्रियदर्शिनी मट्टू प्रकरणात हे सगळे अत्यंत वेदनादायक स्वरूपात दिसले. कायद्याचे शिक्षण घेणाऱ्या या तरुणीने वारंवार तक्रारी केल्या होत्या, आरोपीने पोलिसांना यापुढे त्रास न देण्याची लेखी हमी दिली होती आणि तिला अंगरक्षकही मिळाला होता. तिचे मन वळत नाही असे दिसल्यावर आरोपीने विद्यापीठाकडे तक्रार केली की ती एकाच वेळी दोन अभ्यासक्रम करत आहे. इथे आर्जव संपून तिचे नुकसान करण्याची इच्छा उघडपणे पुढे आली होती. जानेवारी 1996 मध्ये तिची हत्या झाली. गट कागदावर वेगळे असले तरी एकाच माणसात एक हेतू मागे पडून दुसरा वर येऊ शकतो. त्यामुळे वागणुकीत असा बदल दिसला की धोक्याचा अंदाज नव्याने बांधावा लागतो.

ॲड_ठाणे यांचा प्रतिसाद

कायद्याची बाजू मांडतो. न्या. वर्मा समितीच्या अहवालानंतर 2013 च्या दुरुस्तीने हा गुन्हा भारतीय दंड संहितेत कलम 354 ड म्हणून आला. 1 जुलै 2024 पासून त्याच्या जागी भारतीय न्याय संहितेचे कलम 78 लागू आहे. स्त्रीने स्पष्टपणे अनिच्छा दाखवूनही पुरुषाने वारंवार तिचा पाठलाग करणे, संपर्क साधणे किंवा तिच्या इंटरनेट, ईमेल अशा वापरावर पाळत ठेवणे, हे सर्व त्यात येते. पहिल्या गुन्ह्याला तीन वर्षांपर्यंत कारावास आहे, पण तो जामीनपात्र आहे. दुसऱ्यांदा दोषी ठरल्यास पाच वर्षांपर्यंत कारावास असून तो अजामीनपात्र आहे. व्यवहारात याचा अर्थ असा की तक्रारीनंतर तो लगेच बाहेर येऊ शकतो, आणि त्या दिवसांत अधिक सावध राहिले पाहिजे. वर उल्लेखलेला एकदाच दिलेला लेखी नकार इथे पुरावा म्हणूनही मोलाचा ठरतो.

यूपीआयच्या टिपांचे स्क्रीनशॉट व्यवहार क्रमांकासह जपावेत आणि बँकेचे खातेपत्रकही काढून ठेवावे. रुपया पाठवणाऱ्याचे नाव, वेळ आणि मजकूर बँकेच्या नोंदीत राहतो, म्हणजे त्याने स्वतःच पुरावा तयार करून दिला आहे. टपरीवर उभा राहण्याच्या तारखा आणि वेळा वहीत लिहाव्यात. तक्रार कोणत्याही पोलीस ठाण्यात शून्य क्रमांकाने नोंदवता येते.

सहशिक्षिकेच्या बाबतीत कलम 78 बहुधा लागू पडणार नाही, कारण त्याला तिच्याशी जवळीक साधायची नाही. निनावी पत्रांत धमकी असेल तर कलम 351 आणि बदनामीसाठी कलम 356 यांचा विचार करावा लागेल. प्रत्येक तक्रारीला तिने स्वतः भावनेच्या भरात खुलासे देऊ नयेत, संस्थेमार्फत एकच कोरडे, कागदोपत्री उत्तर जावे.

वैशाली_नाशिक

सर्वांची मनापासून आभारी आहे. मावशीला हा सगळा मजकूर वाचून दाखवला. तिने त्याचा फोन उचलणे थांबवले आहे. मात्र काल रात्री त्याने मावशीलाच संदेश पाठवला की 'ती भेटली नाही तर मी जिवाचे बरेवाईट करीन'. मावशी फार घाबरली आहे, आणि खरे सांगायचे तर मावसबहीणही डळमळू लागली आहे. अशा वेळी काय करावे?

मनोवेध यांचे उत्तर

हा संदेश खोटा समजून सोडून देऊ नये, आणि त्यासाठी तिने भेटायलाही जाऊ नये. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी शक्य आहेत. नाकारल्या गेलेल्या व्यक्तीची आत्महत्येची धमकी कधी दबाव आणण्यासाठी असते, कधी खरी असते, आणि कित्येकदा दोन्ही असते. ज्याला स्वतःच्या जिवाची पर्वा उरलेली नाही, तो दुसऱ्याच्या जिवाचीही करेल याची खात्री नसते, म्हणून हा संदेश तिच्या सुरक्षेच्या दृष्टीनेही गंभीरपणे घ्यावा.

112 वर कळवून तो संदेश आणि त्याचा पत्ता पोलिसांना द्यावा. त्याच्या आईवडिलांना किंवा भावाला घरातल्या एखाद्या वडीलधाऱ्या पुरुषाने फोन करावा, संदेश जसाच्या तसा पाठवावा आणि टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा 14416 हा विनामूल्य क्रमांक द्यावा. त्या संभाषणात नात्याविषयी एक शब्दही काढू नये, मध्यस्थीची तयारी दाखवू नये. "त्याला आज रात्री एकटे ठेवू नका आणि डॉक्टरांकडे न्या" एवढेच सांगावे. मावशीने संदेशाला उत्तर देऊ नये. मावसबहिणीने काही दिवस कार्यालयातून निघण्याची वेळ आणि वाट बदलावी, सोबत कोणीतरी असावे, आणि दारावरच्या सुरक्षारक्षकाकडे त्याचे छायाचित्र देऊन ठेवावे. नाते असताना त्याने तिचा फोन कधी हाताळला असेल तर गुगल खात्याचा पासवर्ड बदलून लोकेशन कोणाशी शेअर होत आहे का, हे आजच तपासावे. तो तिला नेमका कसा गाठतो, याचे उत्तर बरेचदा तिथे मिळते.