अपिलाआधी पैसे भरायचे म्हणजे अन्याय?

वसुलीग्रस्त:
काल कुणीतरी इथे लिहिलं, अपिलाआधी रक्कम भरायला लावणं म्हणजे 'श्रीमंतांचा न्याय'. डोकं फिरलं, म्हणून हा धागा. माझी चेक बाउन्सची केस साडेपाच वर्षं चालली. शिक्षा झाली, भरपाईचा आदेश झाला, आणि पंधरा दिवसांत साहेब अपिलात! २०१८ साली चेक बाउन्सच्या कायद्यात कलम १४८ आलं नसतं (अपील करणाऱ्या आरोपीला आधी काही रक्कम भरायला लावायचा अधिकार कोर्टाला देणारं), तर मी आजही तारखाच मोजत बसलो असतो. भरपाईच्या २० टक्के ६० दिवसांत भरा म्हटल्यावर त्याच्या कपाळाला पहिल्यांदा आठी पडली. गरीब तो नव्हता हो. मी झालो होतो.

काळाकोट:
निम्मंच सांगताय. सुप्रीम कोर्टाच्या २०१९ च्या सुरिंदर सिंग देसवाल निकालाने रक्कम भरायला लावणं हा नियम ठरवला, बरोबर. पण त्याच कोर्टाचा २०२३ चा जंबू भंडारी निकाल? अपवादात्मक प्रकरणात कारणं नोंदवून सूट देता येते. ती मागितली की कोर्टाकडून रबरी शिक्का: २० टक्के. माझ्या अशिलाने बायकोचं सोनं मोडून भरले. पुढे सुटला. पैसे रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटने व्याजासह परत मिळतात, पण त्या व्याजात ते सोनं येतं का?

वसुलीग्रस्त:
सही करून कोरा चेक दिला असेल. हौस कुणाची?

खडूस आजोबा:
रकमेवर काय भांडताय, अपील बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, तर येऊ द्या! आमचं अपघात भरपाईचं अपील. आम्ही जखमीच्या बाजूचे, म्हणजे भरपाई देणाऱ्याला असते ती २५ हजार किंवा निम्मी रक्कम, जी कमी ती, भरायची अट आम्हाला नाहीच. तरी वर्ष गेलं ऑफिस ऑब्जेक्शनमध्ये, म्हणजे कोर्टाच्या कचेरीने कागदांत काढलेल्या त्रुटींत. पान ४७ अस्पष्ट, टाइप करून जोडा. जोडलं. मग मराठी पंचनाम्याचं भाषांतर नाही. तेही दिलं. मग पेजिंग चुकलं, कारण भाषांतर मध्ये घुसलं ना! सगळी यादी एकदाच द्यायला काय होतं?

निवृत्त बाबू:
कोर्टाच्या कचेरीत त्याच टेबलावर जन्म गेला माझा. यादी एकदाच देतो. दहापैकी चार दुरुस्त्या करून फाइल परत आणतात, वर आमच्यावर ओरडतात. एका अपिलात तर भलत्याच अशिलाचा वकालतनामा शिवलेला होता.

काळाकोट:
आणि काही फाइली एका दिवसात नंबर घेऊन बाहेर पडतात, त्या कशा? टेबलाखालचंही लिहा.

निवृत्त बाबू:
पुरावा द्या, नाहीतर शब्द मागे घ्या.

काळाकोट:
घेतला. तुमच्यापुरता.

वसुलीग्रस्त:
आजोबा, तुमचं वर्ष अडकलं, पण काहींना अडकलेलंच हवं असतं. माझा मित्र हुकूमनाम्याचे पैसे मागायला गेला की समोरच्याने 'अपील केलंय' म्हणून त्याला दोन वर्षं टोलवलं. अपिलातले ऑब्जेक्शन त्याने मुद्दाम दूर केलेच नव्हते.

काळाकोट:
नुसतं अपील दाखल झालं म्हणजे स्टे नव्हे. तुमच्या मित्राने दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या वसुलीचा अर्ज, का नाही लावली? वकील कोण होता?

वसुलीग्रस्त:
तुमच्यासारखाच कुणीतरी. बरं, सोनंवाल्याला सूट मिळायला हवी होती. लिहून दिलं. माझ्या आरोपीला नाही.

खडूस आजोबा:
पण पान ४७ चं काय?