नेटवर्क अॅनालिसिस शिकायचंय? मग ग्राफ थिअरीची पुस्तकं आधी बाजूला ठेवा (माझं मत, झोडपा खुशाल)

रात्रपाळी:
नेटवर्क अॅनालिसिससाठी कुठलं पुस्तक घेऊ असं कुणी विचारलं की उत्तर ठरलेलं असतं, आधी ग्राफ थिअरी पक्की कर मग बाकीचं बघू. मीही ऐकलं. डीस्टेलचं पुस्तक घेतलं, ते स्प्रिंगरचं पिवळं, ऑनलाइन फुकट वाचता येतं म्हणून आणखीच मोह झाला, आणि सहा महिने मॅचिंग, कनेक्टिव्हिटी, प्लेनर ग्राफ असं करत करत रंग भरण्याच्या प्रकरणापर्यंत कसाबसा येऊन दम सोडला. मग कामात खरा डेटा समोर आला, कोण कुणाला मेल पाठवतं याचा, हजारो नोड (ठिपके, इथे माणसं), आणि मला हवं होतं काय तर यातली महत्त्वाची माणसं कोणती आणि गट किती. त्या सहा महिन्यांतलं एक प्रमेय कामाला आलं असेल तर शपथ. सेंट्रॅलिटी (कुठला नोड किती महत्त्वाचा याचं माप) हा शब्द त्या पुस्तकात शोधून दाखवा.

नंतर न्यूमनचं 'नेटवर्क्स' उघडलं (२०१० चं, २०१८ मध्ये दुसरी आवृत्ती आली) आणि तीन आठवड्यांत काम सुरू. माणूस फिजिक्सवाला आहे, आधी खरी नेटवर्क दाखवतो, इंटरनेट, ओळखीपाळखी, पेशींमधली रसायनं, मग गणित. माझं म्हणणं एवढंच की हे दोन वेगळे विषय आहेत, ठिपके आणि रेघा सोडल्या तर समान काही नाही, नवख्यांना उगाच चुकीच्या दारातून आत ढकलू नका.

पिवळं_पुस्तक:
साफ असहमत. पोहायला शिकायचं म्हणून भर समुद्रात उडी मारलीत आणि आता पाण्यालाच नावं ठेवताय. डीस्टेल हे पहिलं पुस्तक नाहीच, ज्याला पुढे मायनर, रेग्युलॅरिटी लेमा अशा अवघड भागांत शिरायचंय त्याच्यासाठी ते आहे, आणि त्यासाठी त्याच्याइतकं नेटकं लिखाण मी तरी पाहिलं नाही. सुरुवातीला विल्सन घ्यायचं (पहिली आवृत्ती १९७२ ची, लहानसं आहे) किंवा गणिताची धास्ती असेल तर ट्रूडो. १९७६ साली ते 'डॉट्स अँड लाइन्स' नावाने आलं होतं, आता डोव्हरचं मिळतं, शाळेतल्या बीजगणितावर वाचून होतं. त्यानंतर वेस्ट. वेस्टमध्ये उदाहरणांचा नुसता डोंगर आहे आणि ग्राफ थिअरी उदाहरणं सोडवूनच येते, वाचून येत नाही.

आणि शब्द शोधून दाखवा म्हणालात ना? डीस्टेलच्या पहिल्याच प्रकरणात सेंट्रल व्हर्टेक्सची (व्हर्टेक्स म्हणजे नोडच) व्याख्या आहे, बाकी सगळ्यांपासूनचं कमाल अंतर ज्याचं सर्वात कमी तो. वाचलंत पण ओळखलं नाहीत.

रात्रपाळी:
हे मान्य, ती व्याख्या विसरलो होतो. पण खऱ्या डेटात ती लावून बघा की. दोन-चार नोड तुटक पडलेले असतात, म्हणजे अंतर अनंत, मग सगळेच सेंट्रल आणि कुणीच नाही. म्हणूनच म्हणतोय की पुस्तकातला ग्राफ आणि डेटातला ग्राफ वेगळा.

शेवटचा_बाक:
एक बावळट प्रश्न विचारू का. ग्राफ म्हणजे एक्स आणि वाय अक्ष वाला आलेखच ना? मी आलेख सिद्धांत असं शोधलं तर पहिल्या पानावर अक्षच नाहीत, नुसते ठिपके. अर्धा तास वाटलं चुकीचं पुस्तक उघडलंय.

पिवळं_पुस्तक:
बावळट नाही, सगळ्यांचं होतं. इथे ग्राफ म्हणजे काही गोष्टी आणि त्यांच्यातल्या जोड्या, बस. ठिपका कुठे काढला, रेघ सरळ की वाकडी याला अर्थ नाही. ऑयलरने १७३६ मध्ये क्योनिग्सबर्गच्या सात पुलांचा प्रश्न सोडवला तो इथूनच. चार भूभाग, त्यांना लागणारे पूल ५, ३, ३, ३, चारही आकडे विषम, म्हणून प्रत्येक पुलावरून एकदाच जाणारी फेरी निघत नाही. नकाशावरची अंतरं, दिशा, सगळं फेकून दिलं तेव्हा उत्तर दिसलं. गंमत म्हणजे या विषयाचं पहिलं पाठ्यपुस्तक यायला बरोब्बर दोनशे वर्षं लागली, क्योनिगचं, १९३६, जर्मनमध्ये.

जुना_कंपायलर:
मला आधी शीर्षकच वेगळं वाटलं. आमच्या वेळी नेटवर्क अॅनालिसिस म्हणजे सर्किट, रेझिस्टर आणि लूपची समीकरणं. आणि ते काही परकं नाही बरं का, किर्कहॉफने १८४७ मध्ये सर्किटचा विचार करतानाच स्पॅनिंग ट्री (सगळे नोड जोडणारा पण एकही लूप नसलेला सांगाडा) वापरले. कुठल्या लूपची समीकरणं खरोखर स्वतंत्र ते ट्री काढला की कळतं, ट्रीबाहेरची प्रत्येक एज (रेघ) एक नवा लूप देते. नरसिंग देव यांचं १९७४ चं पुस्तक कुणी काढलंच नाही अजून? त्यात इलेक्ट्रिकल नेटवर्कवर अख्खं प्रकरण आहे, अल्गोरिदमवर वेगळं आहे, आणि लिहिणारा समजावून सांगायच्या मूडमध्ये आहे. आजचं काही नाही त्यात, कम्युनिटी डिटेक्शन (गट शोधणं) वगैरे शोधू नका. पण मॅट्रिक्सवरून (कोण कुणाला जोडलंय याचा आकड्यांचा तक्ता) ग्राफ वाचायला मी त्यातच शिकलो आणि अजून विसरलो नाही.

ओळखीपाळखी:
दोघंही भांडताय आणि दोघंही एकच गोष्ट विसरताय, एज आली कुठून? मी समाजशास्त्राकडून आलेली, आमच्याकडे मोरेनोने १९३४ मध्येच माणसांचे ठिपके काढून ठेवलेत, फिजिक्सवाले यायच्या कितीतरी आधी. मेल पाठवला म्हणजे नातं झालं का? एक मेल पुरे की दहा हवेत? पन्नास जणांना एकच मेल गेला तर पन्नास एज? हे ना डीस्टेल सांगत ना न्यूमन नीट सांगत (न्यूमन थोडंफार सांगतो, मोजमापातल्या चुकांबद्दल, पण जीव तिथे नाही). त्यासाठी वासरमन आणि फाउस्ट, १९९४. आठशेवर पानं, रुक्ष आहे, कबूल, लाखो नोडचा जमाना यायच्या आधीचं आहे हेही कबूल. पण रात्रपाळी, तुमचा तो तुटक नोडांचा प्रश्न आठवा. नेटवर्कएक्समध्ये (पायथनची लायब्ररी) क्लोजनेस (नोड बाकीच्यांच्या किती जवळ याचं माप) काढता तेव्हा 'डब्ल्यूएफ इम्प्रूव्ड' नावाचा पर्याय मुळातच चालू असतो, ग्राफ तुकड्यातुकड्यांत असेल तर आकडा त्या तुकड्याच्या आकाराने कमी करून देणारा. ते डब्ल्यूएफ म्हणजे हेच दोघं. रोज वापरताय आणि माहीत नाही.

रात्रपाळी:
च्यायला. खरंच माहीत नव्हतं. आत्ता डॉक्युमेंटेशन उघडून बघितलं, आहे तसंच, आणि वर हेही लिहिलंय की दिशा असलेल्या ग्राफात तो आत येणारी अंतरं धरतो, बाहेर जाणारी नाही. म्हणजे माझा मागचा एक रिपोर्ट उलटा असणार. असो.

शेवटचा_बाक:
मग बाराबाशीचं 'नेटवर्क सायन्स' कसं आहे? रंगीत आहे, वेबवर फुकट आहे, चित्रं भरपूर. मी तेच सुरू करणार होतो.

ओळखीपाळखी:
जपून. दिसायला देखणं आहे आणि वाचायला सोपं आहे, पण स्केल-फ्रीचा चष्मा पहिल्या पानापासून चढवलेला आहे, जिथे तिथे पॉवर लॉ, म्हणजे थोड्या नोडना प्रचंड जोड्या आणि बहुतेकांना मोजक्याच. १९९९ मध्ये ती कल्पना त्याने आणि अल्बर्टने मांडली, तेव्हा आपल्या बाळाचं कौतुक असणारच. पण २०१९ मध्ये ब्रॉइडो आणि क्लॉसेट यांनी हजाराच्या आसपास नेटवर्क तपासली आणि सर्वात कडक कसोटीवर जेमतेम ४ टक्के टिकली. त्यावरही वाद झालाय, कसोटी जास्तच कडक आहे असं दुसरी बाजू म्हणते. माझा आक्षेप निराळाच आहे, नवखा माणूस ते पुस्तक वाचतो, लॉग-लॉग आलेखावर ठिपके टाकतो, डोळ्यांनी सरळ रेघ दिसली की पॉवर लॉ म्हणून मोकळा होतो.

रात्रपाळी:
इथे मी बाराबाशीच्या बाजूने. वाचायला लावणारं पुस्तक आधी हवं, दुरुस्त्या मागाहून करता येतात. न वाचलेल्या अचूक पुस्तकाचं काय लोणचं घालायचंय? मी सहा महिने अचूक पुस्तकच वाचत होतो.

ओळखीपाळखी:
वाचायला लावणारंच हवंय तर ईझली आणि क्लाइनबर्ग घ्या ना, २०१० चं, तेही फुकट वाचता येतं. ओळखीचा ओळखीचा पुढे आपल्या ओळखीचा का होतो, ग्रॅनोव्हेटरने १९७३ मध्ये सांगितलेली कच्च्या ओळखींची ताकद, पेजरँक (गूगलची वेबपानांना क्रम लावायची पद्धत), साथीचे रोग, सगळं आहे, आणि जड गणित प्रकरणाच्या शेवटी वेगळं काढून ठेवलंय, नको असेल तर ओलांडून जा. चूक शिकून मग पुसण्यापेक्षा हे बरं.

पिवळं_पुस्तक:
सगळे फुकटच्या पुस्तकांवर घसरले, मूळ मुद्दा राहिला बाजूला. रात्रपाळी, गट कसे काढलेत?

रात्रपाळी:
लूव्हॅनने. दोन ओळींचा कोड. एक गट विचित्र आला मात्र, दोन टोळकी एकाच गटात टाकलीयेत आणि त्यांच्यात आपापसात एकसुद्धा मेल नाही. मी म्हटलं असेल काहीतरी खोल.

पिवळं_पुस्तक:
खोल बिल काही नाही! तो गट आतून कनेक्टेडच नाहीये. लूव्हॅन २००८ ची पद्धत, एकेक नोड उचलून ज्या गटात मॉड्युलॅरिटी (गटांच्या आत जोड्या अपेक्षेपेक्षा किती दाट याचं माप) वाढेल तिथे टाकते. आता समजा दोन टोळक्यांना जोडणारा एकच नोड होता आणि पुढे कधीतरी तोच उचलून दुसऱ्या गटात गेला, तर मागे उरलेली दोन टोळकी नावाला एकत्र राहतात. २०१९ मध्ये याच दोषावर लायडन नावाची पद्धत आली, ती गट आतून जोडलेले राहतील याची हमी देते. असा नोड म्हणजे कट व्हर्टेक्स, तुम्ही डीस्टेलमध्ये कनेक्टिव्हिटीच्या प्रकरणात महिनाभर तेच करत होतात. प्रमेय कामाला आलं नाही म्हणता, अहो समोर बसलं होतं, तुम्ही बोलावलं नाहीत.

रात्रपाळी:
हम्म. हे लागलं. पण माझी बाजूही ऐका. कट व्हर्टेक्स म्हणजे काय हे समजायला अर्धं पान लागतं, न्यूमनमध्येही कंपोनंट आणि कनेक्टिव्हिटी आहेच की. त्यासाठी कनेक्टिव्हिटीवरचं मेंगरचं प्रमेय सिद्ध करत बसायला हवं होतं असं तुम्ही पटवू शकलेला नाहीत. न्यूमनमध्येही मी जनरेटिंग फंक्शनपाशी अडकलो पण तोवर काम झालं होतं, हा फरक आहे.

जुना_कंपायलर:
मी दोघांच्या मध्ये. सिद्धता वाचायची ती प्रमेय वापरण्यासाठी नव्हे, अट कुठली सुटली तर काय मोडतं हे कळण्यासाठी. साधी गोष्ट घ्या, सगळ्या डिग्रींची (डिग्री म्हणजे एका नोडला लागलेल्या एज) बेरीज नेहमी सम येते कारण प्रत्येक एज दोन टोकांना मोजली जाते. ऑयलरच्या त्याच लेखात आहे हे. डेटा आला की मी आधी ही बेरीज घेतो.

रात्रपाळी:
थांबा. आत्ता घेतली. दिशा काढून टाकलेल्या मॅट्रिक्सवर. विषम आली.

जुना_कंपायलर:
मॅट्रिक्सच्या कर्णावर बघा.

रात्रपाळी:
एक महाशय स्वतःलाच मेल पाठवत होते. कर्णावर तिथे १ आहे. आणि आता न्यूमन उघडलं तर त्याने लिहूनच ठेवलंय की अशा ग्राफात सेल्फ-लूपसाठी २ लिहायचे, दोन्ही टोकं तिथेच येतात म्हणून. मी ते वाक्य वाचून पुढे गेलेलो.

ओळखीपाळखी:
वाईट वाटून घेऊ नका, कराटे क्लबच्या डेटाचंही तसंच आहे. सगळी पुस्तकं ज्याच्यावर हात साफ करतात तो, झॅकरीचा, १९७७ चा, ३४ माणसं. मूळ पेपरातल्या मॅट्रिक्समध्ये एक जागा दोन्ही बाजूंनी जुळत नाही, म्हणून कुणी ७७ एज मोजतं कुणी ७८. दिशा नसलेल्या ग्राफाचा मॅट्रिक्स सममित असायला हवा एवढं माहीत असलं की दिसतं.

शेवटचा_बाक:
मी ट्रूडो आणि ईझली-क्लाइनबर्ग सोबत सोबत घेतोय. ठरलं. बाकी भांडण चालू द्या, शिकायला मिळतंय.

पिवळं_पुस्तक:
रात्रपाळी, एक छोटं उदाहरण देतो, वेस्ट वगैरे सगळीकडे असतं. किमान दोन नोड असलेल्या साध्या ग्राफात समान डिग्रीचे दोन नोड असतातच. करून बघा.

रात्रपाळी:
बघितलं. माझ्या डेटात शेकडो निघाले.

पिवळं_पुस्तक:
तपासून नाही हो, सिद्ध करून!

रात्रपाळी:
हा हा, कळलं होतं, चिडवत होतो. एन नोड असतील तर डिग्री ० ते एन वजा १, म्हणजे एन शक्यता. पण ० वाला आणि एन वजा १ वाला एकाच ग्राफात राहू शकत नाहीत, एकाची कुणाशीच ओळख नाही आणि दुसऱ्याची सगळ्यांशी. मग उरल्या एन वजा १ शक्यता आणि नोड एन, कुठेतरी दोन एकाच खणात. बरोबर?

पण आमचे ते स्वतःलाच मेल पाठवणारे महाशय धरले तर हे मोडतं. दोन नोड, मध्ये एक एज, आणि एकावर सेल्फ-लूप. डिग्री ३ आणि १.

पिवळं_पुस्तक:
म्हणूनच मी 'साध्या ग्राफात' असं लिहिलं होतं, म्हणजे सेल्फ-लूप नसलेल्या. आणि हे प्रतिउदाहरण तुम्हाला कुणी शिकवलं, न्यूमनने की डीस्टेलने?

रात्रपाळी:
महाशयांनी.